दारातला पाय

पडवळ सर वर्गाच्या दारातच खुर्ची टाकून बसत आणि उजवा पाय समोरच्या चौकटीला लावत. आत यायचं तर तो पाय ओलांडायचा. बेंबळीच्या शाळेत 'हिंडर' हे इंग्रजी क्रियापद त्यांनी आम्हाला असं शिकवलं. मी अडखळून पडले, गुडघा फुटला. वर्ग हसला, सरही हसले.

"आलीस न्हवं आत? मग हिंडर म्हंजी हेच. दार लावलं असतं तर ते प्रिव्हेंट. उगं रडू नको, अर्थ ध्यानात ठेव."

अर्थ राहिला ध्यानात. सर यंदा वारले. गेलेल्या माणसाबद्दल चांगलं बोलावं म्हणतात. इंग्रजी त्यांचं पक्कं होतं, एवढंच चांगलं मला सांगता येतं.

दहावीनंतर मला धाराशिवच्या कॉलेजात जायचं होतं. माझे वडील, अण्णा, तयार होते. एका संध्याकाळी सर आमच्या ओसरीवर येऊन बसले आणि चहा फुंकत म्हणाले, "पोरीची जात, अण्णा. रोज एसटीनं जाणार, येणार. एखादं साल थांबा की. मी नको म्हणत न्हाय, नुसतं थांबा म्हणतोय."

अण्णांना मास्तरांचा शब्द मोठा. त्याच सालात माझं लग्न उरकलं. पुढं पोरं सांभाळत, टोमणे खात मी बी.ए., बी.एड. केलं आणि आमच्याच शाळेत इंग्रजी शिकवायला लागले. मधली वर्षं गेली ती गेलीच.

गेल्या उन्हाळ्यात सरांनी मला घरी बोलावलं. नातीला धाराशिवला शिकायचं होतं आणि त्यांचा मुलगा तयार नव्हता.

"बाई, तुमी सांगा त्याला. तुमचं ऐकंल."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. 'एखादं साल थांबा की' अगदी जिभेवर आलं होतं. पण आतल्या दाराशी ती पोर ओढणीचं टोक चावत उभी होती. मी मुलाला सुनावलं, "उद्याच्या उद्या नाव घाला तिचं." तो मान खाली घालून "बरं बाई" म्हणाला.

सरांनी हात जोडले. "लई उपकार झाले."

"पोरीसाठी केलं, सर. तुमच्यावरचा राग हाय तसाच हाय."

मी निघाले. सर जुन्या सवयीनं दारातच बसले होते, पाय चौकटीला लावून. या खेपेला मी तो ओलांडला नाही.

"पाय आत घ्या, सर."

त्यांनी दोन्ही हातांनी गुडघा धरला आणि पाय हळूहळू आत ओढून घेतला.