येते की जाते

रसायनीच्या कॉलनीत आमचे शेजारी मल्याळी होते, त्यामुळे ती भाषा मला लहानपणीच चिकटली. तिच्यापायी केरळातल्या एका लेखक-दिग्दर्शकाचा सहायक म्हणून माझं निम्मं आयुष्य गेलं. एके काळी लोक सरांच्या सिनेमांची वाट बघायचे. पुढे आम्ही दोघं निर्मात्यांची वाट बघू लागलो. भेटलो की चहाचा पहिला घोट घेऊन ते पुढच्या सिनेमाची गोष्ट सांगायचे आणि मी मान डोलवायचो. मान दुखायला लागली, सिनेमा काही उभा राहिना.

शेवटी एक उभा राहिला. चौक गावात जुन्या हायवेवर टायरचं दुकान चालवणारा मल्याळी माणूस आणि त्याची इथली बायको. ती त्याला कायमची सोडून जाते, तेव्हा दारात एकच शब्द बोलते, "जाते." बायकोच्या कामासाठी सरांनी नटी न घेता जवळच्याच गावातल्या, भातशेती करणाऱ्या एका बाईंना घेतलं.

बाईंनी सगळं झकास केलं, पण तो शब्द काही येईना. पिशवी उचलायच्या, उंबऱ्यात थांबायच्या आणि म्हणायच्या, "येते." पुन्हा घेतलं, पुन्हा "येते." ऊन उतरत होतं, कॅमेरामन कुरकुरत होता, मी तर पार वैतागलो.

"मावशी, जाते म्हणा. ती परत येणार नाही."

"अरं, म्हायती हाय मला. पन उंबऱ्यात उभं राह्यलं का तोंडातून जाते निघतच नाय रं."

सरांनी विचारलं, काय म्हणतात? निघताना आमच्यात जातो म्हणत नाहीत, येतो म्हणतात, असं मी सांगितलं.

"आमच्यातही पोयिट्टु वराम् म्हणतात, जाऊन येतो," ते म्हणाले. "लिहिताना मी कसा विसरलो? राहू दे. येते हेच ठेवू."

दमलेल्या त्या चेहऱ्याकडे बघून मला त्यांच्याबद्दल फार माया वाटली. त्यानंतर मात्र त्यांनी सगळ्या युनिटला पिडलं. कुणी लघवीला निघाला तरी त्याला मराठीत दटावायचे, "येतो म्हण." बाईंचं "नाय रं"ही त्यांनी उचललं.

सिनेमा लागला आणि उतरला. त्याबद्दल फार बोलण्यासारखं नाही.

मध्ये ते बाईंना भेटायला आले होते. परतताना आम्ही खालापूरला स्टँडजवळ चहा घेतला. पहिला घोट झाला. मी सवयीने मान तयार ठेवली होती. ते गुडघ्यांबद्दल बोलले, नातीबद्दल बोलले, चहात साखर जास्त आहे म्हणाले. कप रिकामे झाले तरी गोष्ट निघाली नाही. विचारायचा मला धीर झाला नाही.

गाडीत बसताना ते मराठीत म्हणाले, "जातो."

"येतो म्हणा, सर," मी दटावलं.

त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली. "नाय रं," म्हणाले, आणि काच वर केली.