आईने लंबूची दृष्ट काढली

आमच्या आईने अमेरिकेत येऊन सर्वांत जास्त वेळा ज्या माणसाची दृष्ट काढली, तो माणूस तिला कधीही भेटलेला नव्हता.

हा माणूस म्हणजे ऐंशीच्या दशकात व्यावसायिक बास्केटबॉल गाजवणारा एक फॉरवर्ड. त्याचं नाव सांगत नाही, कारण आईला ते शेवटपर्यंत उच्चारता आलं नाही आणि तिने तसा प्रयत्नही केला नाही. ती त्याला 'लंबू' म्हणायची. फॉरवर्ड म्हणजे पुढे घुसून बास्केट करणारा गडी, असं मी तिला समजावलं. म्हणजे घरातला कर्ता मुलगा, असं तिने स्वतःला समजावलं!

मी तेव्हा मिशिगनमधल्या नोव्हाय गावात राहत होतो आणि मोटारींच्या कारखान्यात इंजिनियर होतो. बायको नीला हॉस्पिटलच्या लॅबमध्ये. अण्णा, म्हणजे माझे वडील, आदल्या वर्षी गेले होते. मिरजेच्या घरात आई एकटी, म्हणून हट्टाने तिला सहा महिन्यांसाठी बोलावून घेतलं आणि (इथे माझी अक्कल पाहा) नेमकं नोव्हेंबरात! आम्ही दोघं सकाळी अंधारात बाहेर पडायचो आणि संध्याकाळी अंधारात परतायचो. मधल्या वेळात आई, बंद खिडक्या आणि बाहेर पांढरं फटक. महिनाभरात ती म्हणाली, "सुधीर, तिथे घर एकटं आहे, इथे मी एकटी आहे. त्यापेक्षा दोघं एकत्र राहू. माझं तिकीट अलीकडचं करून आण."

तिला त्या रिकाम्या घरात परत धाडायची कल्पनाच सहन होईना. आज करतो, उद्या करतो, असं म्हणत मी दिवस ढकलत होतो. टीव्हीवरच्या मालिका तिला कळत नव्हत्या. बातम्या लागल्या की ती झोपायची. अशात एका रविवारी दुपारी मी बास्केटबॉल लावला आणि आई पोळीचा घास हातात धरून बघतच राहिली.

"हा पोरगा कोण रे?"

"कुठला?"

"तो लांब हातांचा. बाकीचे नुसते पळतायत, काम सगळं हा एकटाच करतोय! आणि एवढ्या थंडीत बनियनवर?"

झालं! त्या दिवसापासून आईचा आठवडा रविवारी सुरू होऊन रविवारी संपायला लागला. लंबूने गुणांचा धडाका लावला की ती खुर्चीच्या कडेला सरकायची. त्याच्या तीस-चाळीस गुण पार झालेल्या मॅचेस ती फोनवर मिरजेच्या मावशीला सांगायची (मावशीचा समज, की सुधीरला फार उंच मित्र मिळाला आहे). फक्त एक अडचण होती. लंबू आमच्या भागाच्या संघाचा नव्हता. तो आमच्या संघाचा हाडवैरी होता! आमच्या इमारतीत त्याचं नाव जेवताना कुणी काढत नसे. मी हे आईला सांगितलंही.

"मग काय झालं? पोर कुणाचंही असो, कष्ट करतंय ना?" आई म्हणाली. विषय संपला.

पहिल्यांदा त्याने तिशी ओलांडली तेव्हा आईने टीव्हीसमोर उभं राहून त्याच्या चेहऱ्यावरून हात फिरवले आणि आपल्या कानशिलांवर बोटं मोडली. काचेवर तेलकट बोटं उमटली, बाकी नुकसान नाही. चाळिशी झाली तेव्हा मीठ-मोहऱ्या ओवाळून सिंकमध्ये टाकल्या. पाण्याचा निचरा दोन दिवस बंद. मी म्हटलं, "आई, हे काय चाललंय?"

"अरे, लाखो लोक बघतात त्याला. सगळेच काय चांगल्या डोळ्यांनी बघत असतील? जितके गुण जास्त, तितकी दृष्ट जास्त. साधा हिशोब आहे!"

या हिशोबात पुढे काय वाढून ठेवलंय, ते मला इंजिनियर असून कळलं नाही.

जानेवारीतला तो रविवार. बाहेर ढोपरभर बर्फ. लंबूचा संघ विरुद्ध आमचा संघ! इमारतीच्या भिंतींतून आरडाओरडा ऐकू येत होता. शेजारच्या घरातला रॉय, ट्रक चालवणारा, दरवाजाएवढा माणूस, लंबूने बास्केट केली की भिंतीवर बुक्की मारायचा. आणि लंबू तर त्या दिवशी पिसाटला होता! इकडून टाकला, आत. तिकडून टाकला, आत. पडता पडता भिरकावला, तोही आत! रॉयच्या बुक्क्यांनी आमच्या घरातला गणपतीचा फोटो तिरका झाला.

"सुधीर! अर्धशतकाला आलाय रे!" आई किंचाळली (क्रिकेटची भाषा तिने सोडली नव्हती). "आता नुसत्या मीठ-मोहऱ्यांनी भागायचं नाही!"

ती स्वयंपाकघरात गेली आणि मिरजेहून आणलेल्या लवंगी मिरच्यांची पिशवी घेऊन आली. मी हसत होतो. हो, मी हसत होतो! नीला म्हणाली, "अहो, आईंना थांबवा," तर मी म्हटलं, "असू दे गं, तेवढाच तिला विरंगुळा." आईने दोन्ही मुठी भरल्या, टीव्हीवरून सात वेळा ओवाळल्या, "घरच्याची, दारच्याची, आल्या-गेल्याची, रॉयची," असं म्हणत सगळ्यांची नजर उतरवली आणि तो सगळा ऐवज तापलेल्या तव्यावर टाकला.

बंद खिडक्या. इलेक्ट्रिक शेगडी. दोन मुठी लवंगी.

पहिला ठसका नीलाला, दुसरा मला, आणि तिसऱ्यापासून कोण खोकतंय ते ओळखू येईना. मी धावत जाऊन शेगडीवरचा पंखा लावला. तो पंखा धूर बाहेर टाकत नाही, नुसता घरातल्या घरात फिरवतो, हे मला त्या दिवशी कळलं. खिडकी उघडायला गेलो तर ती बर्फाने जाम. मग मी माझ्या आयुष्यातला सर्वांत हुशार निर्णय घेतला. मी घराचं दार सताड उघडलं आणि आमचा खासगी ठसका सार्वजनिक केला!

धूर कॉरिडॉरमध्ये गेला. कॉरिडॉरमधला अलार्म वाजला. अलार्मबरोबर अख्ख्या इमारतीच्या घंटा वाजल्या. दारं उघडायला लागली. "व्हॉट इज दॅट?" म्हणून जो तोंड उघडी तो पुढचं वाक्य खोकून पूर्ण करी. पाच मिनिटांत सगळी इमारत खाली बर्फात उभी. कुणी ब्लँकेटमध्ये, कुणी सपातांत. तळमजल्यावरच्या एलेनबाई, सत्तरीच्या, एकट्या राहणाऱ्या, डोक्याला केस कुरळे करायच्या नळ्या लावलेल्या तशाच बाहेर. आणि लांबून अग्निशमनचा बंब ठणाणा करत आला.

मी मान खाली घालून उभा होतो. मॅचचा शेवटचा भाग चुकला म्हणून रॉयचं डोकं फिरलं होतं. त्याने आपल्या ट्रकचा रेडिओ मोठ्याने लावला आणि सगळी इमारत त्या ट्रकभोवती गोळा झाली. रेडिओवाला ओरडून काहीतरी सांगू लागला आणि त्यात लंबूचं नाव आलं. आईला इंग्रजी येत नसलं तरी ते नाव ती झोपेतही ओळखायची.

"काय झालं रे? झालं का?"

"झालं," मी पुटपुटलो. "अर्धशतक झालं. मॅचही आपण हरलो."

आणि आईने टाळ्या वाजवल्या! भर बर्फात, हरलेल्या पंचवीस-तीस माणसांच्या मधोमध, नऊवारीवर माझा जाडजूड कोट चढवून, एकटीने! सगळ्या माना वळल्या. तेवढ्यात बंबावरचा एक धिप्पाड जवान काळाठिक्कर तवा घेऊन बाहेर आला. डोळ्यांतून धारा, नाक लालबुंद. "हे कुणाचं? तुम्ही नेमकं काय शिजवत होता?"

आता काय सांगणार? मी खरं ते सांगितलं. माझी आई म्हणते, की त्या खेळाडूला लोकांची वाईट नजर लागू नये, म्हणून मिरच्या जाळायच्या असतात.

रॉयचा जबडा खाली आला. "थांब. म्हणजे ती त्याला वाचवत होती? आमच्यापासून?"

"हो. म्हणजे... मुख्यतः तुझ्यापासून."

मनातल्या मनात मी सामान बांधायला घेतलं. रॉय दोन पावलं पुढे आला आणि गंभीरपणे म्हणाला, "तिला विचार, याच्या उलट करता येतं का? म्हणजे त्याला नजर लावता येते का?"

मी भाषांतर केलं. आई अशी काही भडकली! "दृष्ट काढायची असते, लावायची नसते, सांग त्याला! आणि म्हणावं टोपी घाल, कान उघडे आहेत." मग तिने आजूबाजूला खोकणाऱ्या माणसांकडे नीट पाहिलं आणि तिचा चेहरा पडला. "अगं बाई! दृष्ट लागलेली असली तर ठसका लागत नाही. एवढा ठसका लागला म्हणजे त्याला कुणाची दृष्ट लागलेलीच नव्हती! उगाच बाहेर काढलं रे सगळ्यांना. चांगली माणसं आहेत ही."

तेही मी भाषांतर केलं. आधी एलेनबाई हसल्या. नळ्या हलायला लागल्या इतक्या हसल्या. मग रॉय. मग सगळेच, हसत आणि खोकत. आईला त्या जवानाच्या लाल डोळ्यांची दया आली. तिने टाचा उंचावून त्याच्या चेहऱ्यावरून हात फिरवले आणि कडाकडा बोटं मोडली. तो वाघासारखा माणूस मुकाट वाकून उभा राहिला. एलेनबाई पुढे आल्या, म्हणाल्या, "माझंही करेल का ती?" आईने त्यांच्याही गालांवरून हात फिरवले. एलेनबाईंनी डोळे मिटून घेतले. मला हळूच म्हणाल्या, "माझ्या तोंडावरून असा हात कुणी फिरवलाच नव्हता रे इतक्या वर्षांत." मिरच्यांचा धूर तोवर संपला होता, पण माझ्या डोळ्यांना पुन्हा पाणी आलं.

पण घरी आल्यावर आई काळा तवा घासत बसली. "सगळ्यांना माझ्यामुळे त्रास. उद्या तिकिटाचं बघून ये," एवढंच बोलली. यावेळी टाळायला मला तोंड नव्हतं. सोमवारी जेवणाच्या सुट्टीत एजंटकडे गेलो, येत्या शनिवारचं तिकीट करून आणलं आणि पार्किंगमध्ये गाडीत बसून पोटभर रडलो. अण्णा गेल्यावर तिला एक हिवाळाही मी नीट सांभाळू शकलो नाही, हेच डोक्यात.

संध्याकाळी घरी आलो तर घर रिकामं. "आई?" चपला नाहीत, कोट नाही! जिला इंग्रजी येत नाही, रस्ता माहीत नाही, ती बर्फात गेली कुठे? मी वेड्यासारखा जिने उतरलो. रॉयचं दार बडवलं, तोही टॉर्च घेऊन माझ्यामागे. आम्ही इमारतीला दोन चकरा मारल्या, मी एकदा घसरून पडलो, रॉय माझ्यावर पडला. तसाच लंगडत तळमजल्याच्या खिडकीपाशी आलो आणि आतून ओळखीचा आवाज आला.

"अगं, पास दे! पास दे म्हणावं त्याला!"

आत एलेनबाईंच्या सोफ्यावर आई मांडी घालून बसली होती. मधे रव्याच्या लाडवांची ताटली. टीव्हीवर रविवारच्या मॅचमधल्या लंबूच्या बास्केट पुन्हा दाखवत होते. आई मराठीत बोलत होती, एलेनबाई इंग्रजीत, आणि दोघींचं एकमत होतं! दुपारी एलेनबाईच वर येऊन तिला हाताला धरून घेऊन गेल्या होत्या.

"आई, अगं शनिवारचं तिकीट—"

"कसलं तिकीट? बुधवारी मॅच आहे त्याची! ही एकटी बघणार का? ते परत बदलून आण."

आणि मी बदलून आणलं! एजंट माझ्याकडे विचित्र नजरेने बघत होता, पण मी त्याला मिठी मारायचाच बाकी होतो. आई सहा महिने पुरे राहिली, वर आणखी दोन. लंबूला कधी कळलंच नाही, की त्याच्या गुणांच्या त्या पावसाने मिशिगनमधल्या एका घरात आई थांबली. आजही कुठे त्याच्या जुन्या मॅचेस दाखवल्या की मी मनोमन हात जोडतो. त्याला, एलेनबाईंना, रॉयच्या ट्रकला आणि मिरच्यांचा धूर खाऊनही तक्रार न लिहिणाऱ्या त्या सगळ्या इमारतीला.

त्या बुधवारी आम्ही सगळे एलेनबाईंकडे जमलो. मिरच्यांना बंदी होती, पण मीठ-मोहऱ्यांना कुणाची हरकत नव्हती. आईने टीव्हीवरून ओवाळलं, मग एलेनबाईंवरून, नीलावरून, टोपी घालून आलेल्या रॉयवरून. सगळे कसे रांगेने वाकत होते. माझा ऊर भरून आला. तिला राहती करण्यासाठी मी केवढा जिवाचा आटापिटा केला होता! मीही पुढे होऊन मान वाकवली.

"आई, माझी पण काढ ना."

आईने मूठ तशीच ठेवली. मला आपादमस्तक न्याहाळलं.

"तुझी कशाला? दृष्ट लागण्यासारखं आधी काहीतरी कर तर खरं! सरक बाजूला, लंबू दिसत नाहीये!"