दोनदा गेलेला मेसेज

शेणव्याची हर्षाली पहिल्यापासूनच संशयी. मेथीची जुडी घेतली तरी दोरा सोडून आतली पानं बघायची. २००९ साली ती शहापुरातल्या एका छोट्या सॉफ्टवेअर कंपनीत लागली. पाण्याचा टँकर कुठल्या पाड्यावर न्यायचा, हे त्यांचा प्रोग्रॅम ड्रायव्हरला मेसेजने कळवायचा.

मे महिन्यात एका पाड्यावरच्या ठकीबाई कंपनीत तक्रार घेऊन आल्या. "शेजारच्या पाड्याला काल दोन टँकर गेले, नि आमी हंडे मांडून बसलो."

टँकरच्या मालकांनी ड्रायव्हर कुंडलिकला तिथेच बोलावलं. शेजारचा पाडा म्हणजे त्याची सासुरवाडी. संशयाला तेवढं पुरे होतं.

"दिवसाच्या माझ्या दोनच खेपा," कुंडलिक म्हणाला. "मेसेज दोन वेला त्याच पाड्याचा आला, दोन्ही तिथंच टाकल्या."

"दाखव."

"फोन भरला का मेसेज पुसतो मी."

मालकांनी चावी काढून घेतली. हर्षालीलाही तो खोटं बोलतोय असंच वाटलं. पण मान खाली न घालता तो ज्या तऱ्हेने बाहेर पडला, ते तिच्या मनात खुपत राहिलं.

प्रोग्रॅम तिच्याच कंपनीतल्या, मुरबाडच्या आदेशने लिहिला होता. "टेस्ट सगळ्या हिरव्या आहेत, म्हणजे पास," तो म्हणाला.

प्रोग्रॅम तपासायच्या या टेस्टमध्ये खरे मेसेज जात नसत. पाठवणाऱ्या भागाच्या जागी नकली भाग बसवलेला असे, त्याला ते मॉक म्हणत. तो काही पाठवत नसे, आपल्याला कितीदा बोलावलं तेवढं मात्र लक्षात ठेवी.

"तू मॉकला काय विचारतोस?"

"मेसेज पाठवायला सांगितलं का."

"आणि किती वेळा?"

"एकदा तरी सांगितलं, म्हणजे झालं की."

हर्षालीने खुर्ची ओढली. मेसेजची पोच उशिरा येते, असा प्रसंग टेस्टमध्ये घातला आणि अट बदलली: बरोबर एकदाच. टेस्ट लाल झाली. हवं होतं एक, झालं होतं दोन. पोच लांबली की प्रोग्रॅम तोच मेसेज पुन्हा धाडत होता. कुंडलिकच्या दोन्ही खेपा त्यातच संपल्या होत्या.

दुरुस्ती संध्याकाळपर्यंत झाली. सकाळी पहिली खेप ठकीबाईंच्या पाड्यावर गेली, कुंडलिकच घेऊन गेला. चावी घेताना त्याने हर्षालीला विचारलं, "ताई, तुमालाही मीच चोर वाटलो ना?"

"वाटलात," ती म्हणाली.

तो गाडीकडे गेला. पुढे पावसाळा लागेपर्यंत मेसेज आला की तो आधी तिला फोन करून खात्री करायचा, मगच गाडी सुरू करायचा. तीही दर वेळी उठून कॉम्प्युटरवर बघून सांगायची.