संगणकातला सतीश

दौंडच्या रेल्वे कॉलनीतल्या भाग्यश्री मॅडम म्हणजे शिस्तीचं दुसरं नाव. स्टेशनजवळच्या कॉम्प्युटर क्लासात त्या टायपिंग शिकवायच्या. पोरांनी कीबोर्डवर उगाच टकटक केली तरी डोळे वटारायच्या. आणि याच मॅडम सकाळची बॅच सुटली की दार लोटून घेऊन बंदुका चालवतात, असं कुणी सांगितलं असतं तर लोकांनी त्यालाच वेड्यात काढलं असतं.

साल २००६. हातात धरून खेळायचा गेमचा डबा दौंडात कुणी डोळ्यांनी पाहिला नव्हता. पण कॉम्प्युटरला त्या डब्याचं सोंग घ्यायला लावणारा एम्युलेटर भाग्यश्रीला पुण्याहून आलेल्या एका सीडीत सापडला, सोबत लढाईचे गेमही. खेळून खेळून कंटाळली, तशी तिनं गेमची फाइल उघडून आतली अक्षरंच बदलायला घेतली. त्यातल्या गोऱ्या सैनिकाच्या नावाला जागा होती बरोबर सहा इंग्रजी अक्षरांची. तिथं तिनं धाकट्या भावाचं नाव बसवलं, सतीश. तो खराखुरा फौजेत होता, काश्मीरला. मग चौकीचं नावही बदलून दौंड केलं. हौसच ती!

पुढं मात्र ही गंमत राहिली नाही. पडद्यावरच्या सतीशला गोळी लागलेली तिला बघवेना. म्हणून ती पावलोपावली गेम जतन करायला लागली. शिफ्ट धरून एफ-वन दाबलं की आहे ती स्थिती जतन व्हायची, नुसतं एफ-वन दाबलं की मागची जतन केलेली परत यायची. सतीश पडला रे पडला की एफ-वन, आणि गडी पुन्हा उभा! सहा मिशन तिनं त्याला तळहाताच्या फोडासारखं जपलं.

सातव्यात घात झाला. सतीश उघड्या मैदानात कोसळला आणि घाबरगुंडीत तिचं बोट सवयीनं एफ-वनसोबत शिफ्टवरही गेलं. मेलेला सतीशच जतन झाला. आता कितीदाही एफ-वन दाबलं तरी तो कोसळतानाच दिसे. गेम पहिल्यापासून लावता आला असता, पण तो काही हा सतीश नव्हे, असं तिला वाटलं. शिकलीसवरलेली बाई, पण मनाला कोण समजावणार?

त्यात खऱ्या सतीशचा फोन थांबला. दर रविवारी यायचा, तो दोन रविवार आला नाही. तिसराही गेला.

"बर्फ पडलं असंल, लाइन तुटली असंल," आई विठाबाई म्हणायची. भाग्यश्री मान हलवायची आणि घास तोंडातल्या तोंडात घोळवत बसायची. हे आपणच केलं, एवढं एकच डोक्यात. आईला सांगणार तरी काय, चुकून शिफ्ट दाबलं म्हणून?

बाविसाव्या दिवशी ऐन बॅचमध्ये तिचा मोबाइल वाजला.

"जयभीम ताई! बर्फानं रस्ता बंद हुता, आन् फोनबी. आई कशी हाय?"

भाग्यश्री पोरांसमोरच रडायला लागली. "मेल्या, मी तुला मारून टाकलं रे!" म्हणत तिनं गेम, शिफ्ट, सगळं घडाघडा सांगून टाकलं.

सतीशनं त्यावर विचारलं काय, तर:

"उघड्या मैदानात? मी काय करत हुतो तिथं?"

"पळत होतास."

"आडोसा न घेता? आगं, आमच्या सुभेदारसायबांनी बघितलं तर तेच गोळी घालतील मला!" तो इतका हसला की त्याच्या मागं आणखी कुणीतरी हसायला लागलं. मग आवाज खाली आणून म्हणाला, "ताई, माझं नाव काढ त्यातनं. मला राखायला हितं साठ गडी हायती. तू जेव आन् झोप."

फोन ठेवल्यावर तिला पहिल्यांदा काय लागलं असेल, तर ती भूक. पोरांना सुट्टी देऊन ती घरी पळाली, आईला बातमी सांगितली आणि तिच्याच ताटातली भाकरी उचलून उभ्याउभ्या खाल्ली. विठाबाई डोळे पुसत नुसती बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी तिनं सतीशचं नाव काढलं. जागा रिकामी ठेवली तर गेम चालेना, म्हणून तिथं सहा इंग्रजी अक्षरांत स्वतःचंच बसवलं, भाग्या. दुपारच्या बॅचपर्यंत ती अकरा वेळा मेली. आणि दर वेळी इतकी खदखदून हसली की दाराबाहेर थांबलेल्या पोरांना वाटलं, मॅडमचं लग्न ठरलं.