आवाज दुसऱ्याचा, हाक माझी

मी मुरुड सोडलं तेव्हा वडील एसटीपर्यंत आलेच नाहीत. किनाऱ्यावर पर्यटकांना घोड्यावरून फिरवायचा आमचा धंदा, आणि दिवस नेमका रविवारचा. आई तेवढी आली आणि म्हणाली, "घोड्यांच्या आधी तू जेवत जा." वडिलांनी लांबूनच हात वर केला. तो मला की गिऱ्हाइकाला, ते मला अजून कळलेलं नाही.

दुबईत एका तबेल्यात नोकरी होती. तिथल्या वाळवंटात एका वाहिनीची काऊबॉय मालिका सुरू झाली आणि घोडे आमच्याकडून गेले. त्यांच्याबरोबर मीही गेलो. आधी तोंडाला रुमाल बांधून गोळी खाणारा डाकू झालो. एकाच भागात दोनदा मेलो. मग दिग्दर्शकाला माझी घोड्यावरची मांड आवडली आणि मी शेरीफचा जोडीदार सॅम झालो. डोक्यावर हॅट, कमरेला पिस्तूल आणि तोंडात मुरुडचं इंग्रजी. ते मात्र कुणीच ऐकलं नाही. जुमेरा लेक टॉवर्समधल्या स्टुडिओत कुणी एक गोरा माझ्या ओठांवर आपला आवाज चढवायचा.

तुम्ही गावात राहिलेल्यांनी नाक्यावर माझा फ्लेक्स लावलात. माझ्यासारखेच इकडे आलेले तुम्ही मला मॉलमध्ये 'सॅमभाई' म्हणून हाक मारायचात. मी हसायचो आणि आतून जळायचो. आपल्याच तोंडातून परका माणूस बोलतोय हे बघताना घास उतरत नाही. मी इंग्रजीचा क्लास लावला, दिग्दर्शकाच्या हात धुऊन मागे लागलो. शेवटी तो म्हणाला, "हबीबी, नेक्स्ट सीझन तेरी अपनी आवाज. इन्शाल्ला." त्या एका वाक्यावर मी सगळा उन्हाळा काढला.

सीझनच्या शेवटी सॅम भरधाव घोड्यावरून पडतो. पडताना लगाम सोडायचा, असं पुन्हा पुन्हा बजावलं होतं. पण आमच्याकडे पोराला पहिल्यांदा घोड्यावर बसवतात तेव्हा नेमकं उलटं शिकवतात: पडलास तरी लगाम सोडू नको, घोडा माणसांत शिरेल. किनाऱ्यावर माणसं असतात. वाळवंटात कोण होतं? पण हातानं ऐकलं नाही. घोड्यानं मला फरफटत नेलं, कंबर मोडली आणि मी बोंबललो, "आय गो!"

शॉट इतका खरा आला की त्यांनी तो तसाच ठेवला. ओरडण्याचं काय डबिंग करायचं? सबंध मालिकेत माझा स्वतःचा आवाज तेवढाच.

कमरेचं मी घरी कळवलंच नव्हतं. तो भाग लागला तेव्हा नाक्यावर तुम्ही सगळे पोट धरून हसलात म्हणे, सॅम मराठीत ओरडला म्हणून. मग आईचा फोन आला. ते ॲक्टिंग होतं, असं मी तिला सांगितलं.

"सोंग करताना कोन आयशीला हाक मारतो रं?" ती म्हणाली. "कुठं लागलं ते सांग."

मी सगळं सांगितलं. ती रडली, मीही रडलो.

पुढच्या सीझनला शेरीफला नवा जोडीदार मिळाला. माझं खलास. आता रास अल खोरच्या एका गोदामात, आत-बाहेर जाणाऱ्या गाड्या बघत, मी खुर्चीवर बसतो. घोड्यावर चढता येत नाही. वडील आधीच गेले होते, गेल्या वर्षी आईही गेली. मी मुरुडला गेलो, दिवस केले, पण त्या घरात शिरताना कुणाला हाक मारायची तेच कळेना. आपण ओरडलो तर कुणाला तरी ती हाक म्हणून ऐकू यावी, त्याला मी घर समजत होतो. तसं घर आता मला कुठेच नाही, ना मुरुडला, ना अल बर्शाच्या या फ्लॅटमध्ये.

परवा लेकीनं मोबाइलवर तो प्रसंग शोधून काढला. तिचा जन्म इथलाच. आजी तिला फोनवर भेटली तेवढीच. तिनं तो पुन्हा पुन्हा लावला.

"बाबा, व्हॉट आर यू सेइंग हिअर?"

सांगायला किती तरी होतं.

"काही नाही गं," मी म्हटलं. "आउच."