आभाळ टेकलंय तिथवर

“हद्द का? ती काय, आभाळ टेकलंय ना, तितवर.” हातातला कोयता समोर धरून म्हातारा हे इतक्या सहज सांगायचा, की ऐकणाऱ्याला खरंच वाटायचं. तुम्हालाही वाटलं असतं. कासू गावच्या खाडीकाठच्या खारजमिनीत नजरेला आडवं येणारं झाडसुद्धा नाही. आभाळ खरोखरच भातशेतावर टेकलेलं दिसतं.

मी पेणचा जमिनीचा एजंट. आपल्या जमिनीला गिऱ्हाईक आण म्हणून फोन म्हातारा स्वतःच करायचा. मी पनवेलकडची माणसं गाडीत घालून न्यायचो. मग हा अनवाणी पुढे आणि पांढरे बूट हातात घेतलेलं गिऱ्हाईक मागे, अशी बांधावरून वरात निघायची. हद्दीचा खरा दगड पहिल्याच बांधाच्या टोकाला होता. त्यावर बसून म्हातारा तंबाखू मळायचा, बोटाला उरलेला चुना दगडालाच पुसायचा आणि उठून पुढे चालू लागायचा.

“अजून किती?” गिऱ्हाईक धापा टाकत विचारायचं.

“आलंच. मघापेक्षा जवळ हाय.”

आभाळ काही जवळ येत नसे. शेवटी गिऱ्हाईक गुडघाभर चिखलात रुतायचं. म्हातारा त्याला प्रेमाने बाहेर ओढायचा, घरी नेऊन पाय धुवायला पाणी द्यायचा आणि जिताडा माशाचं कालवण वाढायचा. माणसं खूश होऊन परतायची. जमिनीचं नाव मात्र पुन्हा काढत नसत.

एकदा मी भडकलो. विकायची नाही तर बोलावता कशाला, म्हणून विचारलं. म्हाताऱ्याचा मुलगा रोह्याला कंपनीत होता. ही जमीन विकून तिकडे घर घेऊ, असं तो धरून बसला होता.

“पोराला नाय म्हणवत नाय रे,” म्हातारा म्हणाला. “आन् इकवत पन नाय.”

त्यानंतर मी मुद्दाम नाजूक पायांची गिऱ्हाईकं निवडून नेऊ लागलो. म्हातारा मला फार आवडायचा.

दिवाळीनंतर तो गेला. महिन्याभराने मुलाचा फोन आला, गिऱ्हाईक आणा म्हणून. शिफ्ट बदलून तो आला आणि आम्ही तिघे त्या पहिल्या बांधावर उभे राहिलो. गिऱ्हाइकाने हद्द विचारली.

मुलगा दगडाकडे बघत राहिला. त्यावर चुन्याचे पांढरे फराटे अजून तसेच होते. आता हा दगड दाखवणार आणि सौदा होणार, असं मी धरून चाललो.

“हद्द का?” तो अखेर म्हणाला. “ती काय, आभाळ टेकलंय ना, तितवर.”

आणि पॅन्ट दुमडून तो पुढे चालू लागला. गिऱ्हाईक विश्वासाने त्याच्या मागे निघालं. मी खाली वाकून बुटांची नाडी सोडली.