फुमिएबाईंचा जपलेला गळा

फुमिएबाईंनी आयुष्यात एकच गोष्ट जपली, ती म्हणजे गळा. माणसं जपली असती तर बरं झालं असतं, असं त्यांची नणंद म्हणायची. तोक्योतली पोरं एके काळी हातातला घास टाकून टीव्हीसमोर बसायची ती गोनमारूसाठी, म्हणजे कार्टूनमधल्या एका वांड पाणमांजराच्या पिल्लासाठी. त्या पिल्लाचा आवाज फुमिएबाईंचा. पुढे मालिका बंद पडली आणि बाई जेवणाच्या डब्यांच्या दुकानात भात भरायला लागल्या. पण तळणापाशी कधी उभ्या राहिल्या नाहीत, धूर घशाला बाधतो ना! रोज मधात मुरवलेला मुळा खायचा, भांडायचं नाही, ओरडायचं नाही. नवरा गेला तेव्हासुद्धा बाई मोकळ्या गळ्याने रडल्या नाहीत. नणंद चारचौघांत म्हणाली, "हिला काळीज आहे की दगड?" बाईंनी मुळ्याची फोड तोंडात टाकली. उद्या गोनमारू परत आला तर त्याला आवाज कोण देणार होतं?

आणि आला की हो परत! नव्या पिढीसाठी नवा सिनेमा. स्टुडिओतून बोलावणं आलं तेव्हा बाई आरशासमोर खुदकन हसल्या. हुबेहूब गोनमारू.

त्या पोचल्या तेव्हा दिवेलागण झाली होती, तरी सगळे वाकून "सुप्रभात, बाई!" म्हणाले. या धंद्याची रीतच ती. इथे नवखे दाराशी बसतात, मानकरी मधोमध. बाईंना मधली खुर्ची मिळाली. त्यांना वाटलं, घोडं गंगेत न्हालं.

मग दिग्दर्शक कुरोइवा गोड हसत म्हणाला, "बाई, गोनमारू आपली मिरेई करतेय. गायिका आहे, पोरं वेडी आहेत तिच्यामागे. तुमच्यासाठी खास भूमिका ठेवलीय. टोफू विकणारी आजी. एकच वाक्य."

ती आजी गोनमारूला विचारते, "तू कोणाचा रे बाळा? तुला कधी पाहिलं नाही."

मेल्यांना लाज कशी वाटली नाही!

बाईंनी वाक्य म्हटलं. काचेपलीकडे चुळबुळ झाली. "बाई, फार कोवळा येतोय आवाज. जरा म्हाताऱ्या व्हा ना." पुन्हा म्हटलं. "अजून म्हातारं." मिरेई फिदीफिदी हसली, "अय्या, तुम्ही तर माझ्याहून लहान वाटता!"

"जरा थांबा," बाई म्हणाल्या. जिन्यात गेल्या, जाड दार ओढून घेतलं आणि ओरडल्या. नवऱ्याला हाका मारल्या. इतकी वर्षं राहून गेलेलं रडं घसा फाटेस्तोवर रडून घेतलं. आत कुणाला काही ऐकू आलं नाही.

परत येऊन त्यांनी वाक्य म्हटलं. "वा! आता कशी खरी म्हातारी!" कुरोइवा खूश झाला. ज्याचं काम संपलं त्याला फुलं द्यायची पद्धत, म्हणून मिरेईने गुच्छ हातात दिला आणि लाडात येऊन म्हणाली, "बाई, एकदा गोनमारूसारखं हसून दाखवा ना! मला ते जमतच नाहीये."

बाईंनी तोंड उघडलं. नुसती खरखर आली. पुन्हा उघडलं, पुन्हा तेच.

"राहू दे गं," कुरोइवा मिरेईला म्हणाला, "जुनं रेकॉर्डिंग आहे आपल्याकडे."